बासष्टावी ओळ

१

पापनाशमची साईप्रिया सहा वर्षांची होती. मंगळवारी दुपारी नर्सने तिला दम्याच्या औषधाचा पाचवा डोस पाजला, तेव्हा ती आईला म्हणाली, "अम्मा, माझ्या छातीत रेल्वे पळते." चार वाजता रेल्वे थांबली.

नर्सचं काही चुकलं नव्हतं. कॉम्प्युटरने छापून दिलेल्या कागदावर सकाळ, दुपार, रात्र असे तीन चौकोन होते आणि प्रत्येकात जो आकडा होता, तेवढंच तिने पाजलं होतं. डॉक्टर वैद्यनाथांनी पोरीचं वजन घेऊन पेन्सिलीने हिशेब केला आणि पेन्सिल खाली ठेवली. प्रत्येक चौकोनात अख्ख्या दिवसाचं औषध छापलेलं होतं. सोमवारपासून पोरीला तिप्पट औषध जात होतं.

हा प्रोग्राम तंजावूरच्या दक्षिण वीथीतल्या 'वेण्णार सॉफ्टवेअर' या पाच माणसांच्या कंपनीने केलेला होता. हॉस्पिटलात तो सुरू झाला तोही त्याच सोमवारी. वजनावर द्यायचं औषध त्या दोन दिवसांत एकाच पेशंटला लागलं. देवाची निवड अशी असते.

बुधवारी संध्याकाळी वैद्यनाथांनी सीतारामरावांना फोन केला.

सीतारामराव राजवाड्यातल्या हस्तलिखितांच्या ग्रंथालयातून निवृत्त झालेले. एका पोथीच्या चार नकला समोर ठेवायच्या, ओळीला ओळ लावून पाहायची आणि कुठली नक्कल कुठल्या नकलेवरून उतरवली ते ठरवायचं, हेच काम त्यांनी चौतीस वर्षं केलं. माणूस इतका भिडस्त की बसमध्ये आपल्या जागेवर कुणी बसलं तर पुढच्या स्टॉपवर उतरून जाईल. त्यांच्या प्रत्येक टिपणात 'बहुधा' हा शब्द असे. सहकारी त्यांना मागून बहुधाराव म्हणत, आणि ते त्यांना माहीत होतं.

"राव, उद्या त्या कंपनीत जाऊन बसा," वैद्यनाथ म्हणाले. "ते म्हणतात, लावण्या म्हणून एक नवी मुलगी आहे, तिची चूक. मला शुक्रवारी पाच वाजता पोलिसांना नाव द्यायचंय. तुम्ही जे लिहून द्याल ते मी देईन."

"मी? अहो, मला कॉम्प्युटरातलं... आणि माझा मुलगाच तिथे नोकरीला आहे."

"म्हणूनच तुम्ही. परक्याला ते काही दाखवणार नाहीत. आणि तुम्ही खोटं लिहिणार नाही."

फोन ठेवून ते वळले तर गिरीश दारातच उभा होता. तो त्या कंपनीतला सगळ्यांत जुना प्रोग्रामर. वडिलांच्या खांद्यावर हात ठेवून तो हसला.

"घाबरू नका अप्पा. मीच डॉक्टरांना तुमचं नाव सुचवलं. तुम्ही नुसतं बसायचं, कापी प्यायची आणि सही करायची."

२

गुरुवारी सकाळी कंपनीच्या जिन्यावर एक बाई बसली होती. मांडीवर प्लास्टिकच्या पिशवीत घडी केलेला कागद. ती काही मागत नव्हती, रडतही नव्हती. येणारा-जाणारा तिच्या बाजूने अंग चोरून वर चढत होता.

"त्या पाप्पाची, मेलेल्या पोरीची आई," गिरीश हलक्या आवाजात म्हणाला. "कालपासून बसलीय. बघू नका तिच्याकडे."

सीतारामरावांनी पाहिलं, आणि वर जाईपर्यंत दोनदा पायरी चुकले.

मालक शिवराज चाळिशीचा, घोटून दाढी केलेला, विभूतीची बारीक रेघ ओढलेला. "या राव, या! वेंकूबाई, कापी आणा. वाईट वेळ पाहा. शनिवारी चेन्नईची माणसं आली होती. आपला जुना औषधाच्या दुकानाचा प्रोग्राम पाहिला, एकेक आकडा तपासला, खूश होऊन गेली. तीन वर्षांचं काम मिळणार. आणि मंगळवारी हे! एका पोरीच्या हलगर्जीपणापायी..."

"कुठल्या पोरीच्या?" सीतारामरावांनी विचारलं. त्यांना खरंच कळलं नव्हतं. शिवराज मात्र ओशाळला.

गिरीशने त्यांना सर्व्हरसमोर बसवलं आणि लहान मुलाला सांगावं तसं सांगितलं. "हे बघा अप्पा. सांबाराचा मसाला आपण घरी कुटतो का? विकत आणतो. तसंच हे. आम्ही पीएचपी नावाच्या भाषेत प्रोग्राम लिहितो, पण त्यातला प्रत्येक हिशेब आम्ही लिहीत नाही. कुणीतरी लिहून इंटरनेटवर सगळ्यांसाठी मोकळा ठेवलेला असतो. त्याला लायब्ररी म्हणतात. डोसची लायब्ररी तशीच आणलेली. सर्व्हरवर एक सामाईक फोल्डर आहे. कंपनीचा कुठलाही प्रोग्राम लायब्ररी तिथूनच घेतो, सोमवारी हॉस्पिटलात बसवला तोसुद्धा."

"म्हणजे सगळ्यांना एकच डबा."

"एकच डबा. आता, या लायब्ररीच्या दोन आवृत्त्या आहेत. जुनी दिवसभराचं औषध सांगते. त्याला तीनने भागायचं ते आपल्या प्रोग्रामने. नवी आवृत्ती स्वतःच भागून एका वेळचा डोस सांगते. लावण्याने प्रोग्राम लिहिला नव्या आवृत्तीसाठी, म्हणजे भागाकार न करता. पण डब्यात होती जुनी." त्याने पडद्यावर बोट ठेवलं. "फाइलची तारीख वाचा."

पंचवीस ऑक्टोबर दोन हजार एक, संध्याकाळचे पाच चाळीस.

शिवराजने हजेरीचं रजिस्टर पुढे सरकवलं. "ही मुलगी कामावर आली सव्वीस ऑक्टोबरला. म्हणजे जुनी लायब्ररी तिच्या आधीपासून तिथेच आहे. तिने डबा उघडून पाहिलाच नाही. झालं! यात शोधायचं काय?"

सीतारामरावांना काहीच सुचेना. चौतीस वर्षांत सुचलं नाही की ते एकच गोष्ट करत. तीच त्यांनी आता केली.

"मला पडद्यावर वाचता येत नाही," ते म्हणाले. "या फाइलची नक्कल कागदावर द्याल? पूर्ण."

गिरीश मोठ्याने हसला. "अप्पा, ही पोथी नाही!" पण प्रिंटर कुरकुरू लागला.

३

लावण्या बावीस वर्षांची. तिला मागच्या खोलीत, सामानाच्या खोक्यांमध्ये बसवलं होतं. तिचा कॉम्प्युटर काढून घेतला होता.

"मामा, तुम्ही गिरीशअण्णांचे वडील ना? मग मी कशाला बोलू?"

"नका बोलू," सीतारामराव खुर्चीच्या कडेवर टेकत म्हणाले. "मला तसंही फारसं कळत नाही."

या उत्तरावर ती बोलू लागली.

"नवी लायब्ररी मी स्वतः सामाईक फोल्डरमध्ये ठेवली. जानेवारीत, पोंगल झाल्यावर. मुरलीअण्णांनी इंटरनेटवरून उतरवून फ्लॉपीत दिली होती. ठेवली, चालवली, आकडे छापले. हे बघा, सगळे बरोबर आहेत. आता म्हणतात, हे तू तुझ्याच मशीनवर छापलं असशील."

"तुमच्या आधी तिथे काय होतं?"

"जुनीच. मी विजयादशमीला लागले, तेव्हा जुनीच होती. ती मी काढली. तिच्यावर चालणारं दुसरं काही वापरात नव्हतं, दुकानाचा तो प्रोग्राम नमुन्यापुरता. मामा, मी इतकी काळजी घेतली होती! यादीत नसलेलं औषध आलं तर माझा प्रोग्राम आकडा छापतच नाही. थांबतो आणि सांगतो, डॉक्टरांना विचारा. अंदाजाने काही द्यायचंच नाही, असं लिहिलंय मी." तिने छापील आकड्यांच्या कागदाची घडी घातली. "कुंभकोणमला माझं ठरलंय. चैत्रानंतर लग्न. काल सासूबाईंचा फोन आला, पेपरात नाव येणार का म्हणून."

बाहेर मुरलीकृष्ण तारांच्या भेंडोळ्यात बसला होता. सर्व्हरची देखभाल त्याच्याकडे. काळसर, अबोल, गेल्या वर्षी बढती हुकलेला.

"फ्लॉपी दिली होती मी. तिने घातली की नाही, ते मी पाहायला गेलो नाही."

"सर्व्हरचा पासवर्ड कुणाकुणाला माहीत आहे?"

"मी, शिवराज सर, गिरीश. लावण्याला फक्त फोल्डरपुरता."

"आणि कॉम्प्युटरचं घड्याळ मागे फिरवता येतं का हो? आपलं भिंतीवरचं फिरवतो तसं?"

मुरलीकृष्णच्या हातातली तार थांबली.

"येतं," तो सावकाश म्हणाला. "घड्याळ मागे करायचं, फाइल पुन्हा सेव्ह करायची, घड्याळ पुढे आणायचं. फाइलवर जुनी तारीख बसते. पण मामा, ते करायला मोठा पासवर्ड लागतो. म्हणजे आम्हा तिघांतलाच कुणीतरी. हे विचारून तुम्हाला काय मिळणार? कधीकधी न विचारलेलं बरं असतं."

"शनिवारी तुम्ही कुठे होता?"

"ओरत्तनाडूला, बहिणीकडे. सुट्टी टाकली होती." त्याने मान खाली घातली. "मला नोकरी हवी आहे, मामा. दोन मुली आहेत मला."

४

दुपारी सगळे जेवायला गेले. सीतारामराव डब्यातला दहीभात पुढे घेऊन बसले, पण जिन्यावरची बाई आठवून घास उतरेना. वेंकूबाई फरशी पुसत त्यांच्या टेबलापाशी आल्या. साठीच्या, नाकात दोन्ही बाजूंना चमक्या, कुणालाही न घाबरणाऱ्या.

"खा, राव. उपाशी राहून मेलेली पोर परत येत नाही."

"तुम्ही इथे किती वर्षं आहात, वेंकूबाई?"

"हापीस उघडलं तेव्हापासून. या पोरांना काही कळत नाही हो. मशीनवर धूळ, वायरीत झुरळं. वर्षातून एकदाच ही मशीनं माणसासारखी दिसतात, मी पूजेला मांडते तेव्हा. गेल्या वर्षी तर शिवराजसाहेब म्हणाले, वेंकूबाई, मेन स्विच काढा, पूर्ण बंद, कुणी बोट लावायचं नाही. सकाळीच काढला. प्रत्येक मशीनला चंदनाचे तीन ठिपके, वर कुंकू, वर नवं कापड. किल्ली माझ्या कमरेला. दुसऱ्या दिवशी दशमीची पुनर्पूजा करून मीच उघडलं. आणि पहिला हात कुणी लावला? या लावण्याने. त्याच दिवशी आली ना ती कामाला. मी म्हटलं, पोरी, चांगल्या मुहूर्तावर आलीस. अय्यो, कसला मुहूर्त!"

सीतारामरावांच्या हातातला घास तसाच राहिला.

लावण्या विजयादशमीला लागली. रजिस्टरमध्ये तारीख सव्वीस. म्हणजे पंचवीसला काय होतं? सरस्वतीपूजा. त्या दिवशी या गावात शाळकरी पोरगंसुद्धा पुस्तक उघडत नाही. पोथ्या, पेटी, वीणा, करवत, वजनकाटा, सगळं देवापुढे असतं. आणि वेण्णार सॉफ्टवेअरमध्ये त्या संध्याकाळी पाच चाळीसला वीजच नव्हती. किल्ली वेंकूबाईंच्या कमरेला होती.

ज्याने ती तारीख घातली त्याने पंचांग पाहिलं नव्हतं. त्याने रजिस्टर पाहिलं होतं. मुलगी आली त्याच्या एक दिवस आधीची तारीख हवी होती. सव्वीसातून एक वजा केला, झालं. घाईत असलेल्या माणसाला आकडा दिसतो, दिवस दिसत नाही.

फाइल खोटं बोलत होती. मग खरं लावण्याचं होतं: नवी लायब्ररी डब्यात होती, आणि ती काढून कुणीतरी जुनी ठेवली होती. कधी? शनिवारी, हे तर शिवराजनेच सांगितलं होतं. दुकानाचा जुना प्रोग्राम स्वतः भागाकार करणारा. डब्यात नवी लायब्ररी असती तर त्याने आधीच भागलेल्या आकड्याला पुन्हा तीनने भागलं असतं, आणि एकेक आकडा तपासणाऱ्या पाहुण्यांना प्रत्येक डोस एक तृतीयांश दिसला असता. पण ते खूश होऊन गेले.

कुणीतरी पाहुण्यांसाठी डबा बदलला आणि परत बदलायचं विसरला. पोर मेल्यावर तारीख बदलली, आणि एका बावीस वर्षांच्या मुलीला पुढे ढकललं.

शिवराज, मुरलीकृष्ण किंवा गिरीश.

सीतारामरावांनी डबा बंद केला. बहुधा शिवराज, असं त्यांनी स्वतःला सांगितलं. ते कंत्राट त्याचंच. बहुधा.

५

निघण्यापूर्वी त्यांनी मुरलीकृष्णला आणखी एक नक्कल मागितली. दर पोंगलला तो सर्व्हरवरचं सगळं सीडीवर उतरवून ठेवत असे. या वर्षीच्या सीडीवर, लावण्याने काढायच्या आधीची जुनी लायब्ररी होती. तिची त्याने मुकाट्याने छापील प्रत दिली.

घरी चार वाजता ओसरीवर ऊन तिरपं झालं होतं. सीतारामरावांनी पाटावर दोन्ही कागद शेजारी शेजारी पसरले, डाव्या हाताचं बोट एकावर, उजव्या हाताचं दुसऱ्यावर. अक्षरं इंग्रजी, चिन्हं अगम्य. पण नकला ताडून पाहायला अर्थ कळावा लागत नाही. अर्थ कळला की उलट माणूस फसतो.

साठ ओळी सारख्या. एकसष्ट सारखी. मग डावं बोट पुढे गेलं आणि उजवं अडलं.

सीडीवरच्या कागदात बासष्टाव्या ओळीवर टेट्रासायक्लिन होतं. सर्व्हरच्या कागदात ते नव्हतंच. एकसष्टावरचं टर्ब्युटालिन संपलं की लगेच पुढचं औषध. तिन्ही ओळींचा शेवट अगदी एक होता: वजनावर, दिवसभराचा, जेवणानंतर.

हा आजार त्यांच्या ओळखीचा होता. नक्कल करणारा एक ओळ उतरवतो, मान वर करतो, मूळ प्रतीत तोच शेवट शोधतो आणि त्याची नजर खालच्या ओळीच्या शेवटावर पडते. मधली ओळ गळते. असे शेकडो लेखक त्यांनी पकडले होते, दोनशे वर्षांपूर्वी मेलेले.

आणि मग त्यांना हा लेखक आठवला.

दीड वर्षापूर्वीची दिवाळी. गिरीश म्हणाला होता, "अप्पा, या लायब्ररीत सगळी अमेरिकेतली औषधं आहेत. आपल्याकडच्या औषधांची यादी टाइप करून द्याल का? तुमच्यासारखं नेमकं काम कुणी करणार नाही." चार दुपारी, आतल्या खोलीतल्या कॉम्प्युटरवर, एका बोटाने त्यांनी ती यादी टाइप केली होती. निवृत्तीनंतर कुणी दिलेलं ते पहिलं काम. तेव्हा त्यांना किती आनंद झाला होता!

त्यांनी आत जाऊन मुरलीकृष्णला फोन लावला.

"बासष्टावी ओळ? हो, यादी पहिल्यांदा आली तेव्हा नव्हती ती," मुरलीकृष्ण म्हणाला. "गेल्या वर्षी जानेवारीत मीच घातली. ऑफिसच्या सगळ्या नकलांत घातली." आणि पुढे, "गिरीश म्हणाला होता, टाइप करणारा म्हातारा माणूस आहे, त्याला सांगू नका, आठवडाभर झोपणार नाही. कोण होता तो, मामा?"

सीतारामरावांनी फोन ठेवला.

ऑफिसच्या प्रत्येक नकलेत बासष्टावी ओळ होती. जगात एकाच ठिकाणी ती कधी पोचली नाही: या घरात, आतल्या खोलीत. मुलाने वडिलांचं मन राखलं होतं, म्हणून घरची नक्कल दुरुस्त झाली नाही. आणि शनिवारी तीच नक्कल फ्लॉपीत घालून तो घेऊन गेला होता.

गिरीश सहाला आला. त्याच्या आईने, राजलक्ष्मीबाईंनी, दोघांना कापी दिली. सीतारामराव वहीत लिहीत होते. गिरीशने वाकून पाहिलं. मराठीचं नागरी अक्षर, तमिळ शाळेत शिकल्यामुळे, त्याला वाचता येत नसे; लहानपणी शिकवायला बसवलं की तो क्रिकेटला पळे.

"काय लिहिताय अप्पा?"

"टिपणं."

"माझ्याबद्दल चांगलं लिहा," गिरीश हसत म्हणाला, आणि वहीवर सांडलेला कापीचा थेंब त्याने आपल्या रुमालाने टिपला.

६

शुक्रवारी साडेचारला शिवराजच्या खोलीत सगळे जमले. डॉक्टर वैद्यनाथ खिडकीपाशी, मुरलीकृष्ण दाराशी, लावण्या भिंतीला टेकून. सकाळच्या तमिळ पेपरात तिचं नाव येऊन गेलं होतं. कुणी दिलं, ते शिवराजला माहीत नव्हतं म्हणे. दुपारी कुंभकोणमहून निश्चयाचं तांबूल परत आलं होतं, लग्न मोडलं होतं. काल संध्याकाळी सहाला सीतारामरावांना सगळं माहीत होतं. डॉक्टरांना एक फोन केला असता तर पेपर थांबला असता. ते वही मिटून जेवायला बसले होते.

त्यांनी वाचायला सुरुवात केली. आधी पूजेचा दिवस, मेन स्विच, वेंकूबाईंच्या कमरेची किल्ली. शिवराज खुर्चीत सरळ झाला. मग शनिवारचे पाहुणे आणि दुकानाचा प्रोग्राम. मुरलीकृष्णने डोळे मिटले. मग दोन कागद आणि गळलेली ओळ.

"थांबा," गिरीश म्हणाला. तो अजून हसत होता, पण ओठच तेवढे. "एक ओळ नाही म्हणून? ती कुणाच्याही नकलेतून गळू शकते. मुरलीने जुनी एखादी ठेवली असेल. अप्पा, तुम्हीच सांगता ना, नकलेवरून फक्त अंदाज बांधायचा? बहुधा म्हणायचं?"

"दुसऱ्याच्या चुकीबद्दल म्हणतो," सीतारामराव म्हणाले. "ही माझी आहे. टर्ब्युटालिन लिहून मी मान वर केली, तेव्हा तुझी आई बोलवायला आली होती. परत आलो आणि खालच्या ओळीवर बसलो. ही चूक कंपनीत दोन महिने टिकली आणि मुरलीकृष्णांनी काढली. आपल्या घरात ती आजही आहे. आज सकाळी तू अंघोळीला गेलास तेव्हा मी पाहिली."

गिरीशच्या ओठांवरचंही हसू गेलं.

"परत ठेवणार होतो," गिरीश म्हणाला. "शनिवारी सकाळी आकडे एक तृतीयांश येत होते, पाहुणे जिन्यावर होते. फ्लॉपी खिशात होती. दोन मिनिटांचं काम. मग शिवराज जेवायला घेऊन गेला, आणि... विसरलो. विसरलो, एवढंच!"

"पोर मेली तेव्हा आठवलं," वैद्यनाथ म्हणाले. "तेव्हा तारीख बदललीस. आणि ही मुलगी पुढे केलीस."

गिरीश डॉक्टरांकडे बघत नव्हता. तो वडिलांकडे बघत होता, आणि सीतारामरावांनी त्याच्या चेहऱ्यावर पश्चात्ताप शोधला. तिथे आश्चर्य होतं.

"तुम्हाला का आणलं माहीत आहे, अप्पा? मला वाटलं, सापडलं तरी हा माणूस बोलणार नाही. जन्मभर बसमधली स्वतःची जागा मागितली नाही तुम्ही! हेडक्लार्कने तुमचं काम स्वतःच्या नावावर छापलं, तुम्ही त्याला नमस्कार केला. एकदा बोललात, तर कुणाविरुद्ध? मी तुमची चूक झाकली होती. दीड वर्षं झाकली. आणि तुम्ही तीच काढून माझ्या गळ्याला लावली."

"हो," सीतारामराव म्हणाले.

वैद्यनाथांनी कागद पुढे सरकवला. सीतारामरावांनी सही केली. अक्षर नेहमीसारखं नेटकं आलं, याची त्यांना लाज वाटली. शिवराज तोवर फोनवर चेन्नईला सांगत होता की तो माणूस आपल्याकडे आता नाही. मुरलीकृष्ण पुढे येऊन लावण्याला काही म्हणणार होता, पण तिने मान वळवली.

ती सीतारामरावांकडेच बघत होती. आभाराचा एक शब्द तिच्या तोंडून आला नाही. यायचं कारणही नव्हतं.

"मामा, तिन्ही ओळींचा शेवट एक होता म्हणालात. एकसष्ट टर्ब्युटालिन, बासष्ट टेट्रासायक्लिन. त्रेसष्टावर काय होतं?"

कालपासून ते या प्रश्नाची वाट पाहत होते. कुणी विचारू नये, अशी प्रार्थनाही करत होते.

"थिओफिलिन," ते म्हणाले.

वैद्यनाथांनी झटकन वर पाहिलं. साईप्रियाचं औषध. लावण्याचा हात तोंडाकडे गेला. यादीत नसलेलं औषध आलं तर प्रोग्राम थांबतो. डॉक्टरांना विचारा म्हणतो. आकडा छापत नाही. ते तिनेच लिहिलं होतं.

खाली जिन्यावरून पिशवीचा चुरचुर आवाज आला. बाईने कागद उलगडून पुन्हा घडी केला असावा.

"माझी नजर एक ओळ घसरली," सीतारामराव म्हणाले. "दोन घसरली असती तर पोर जगली असती."

या वाक्यात बहुधा नव्हतं. त्यांनी घालून पाहिलं, पण ते बसेना.